चाळीस मिनिटं हलायचं नाही

शकुंतलाबाईंना आयुष्यात पहिल्यांदाच कुणी कॅमेऱ्यामागे उभं केलं होतं.

"आत्या, हा लाल ठिपका विझला नाही पाहिजे. आणि कॅमेऱ्यासमोर कोणी यायचं नाही. तू तर नाहीच," भाची रुचिकानं बजावलं आणि ती कोंढा गावातल्या आत्याच्याच भाताच्या बांधीत, गुडघाभर चिखलात, खांबासारखी उभी राहिली.

रुचिका काय करते, हे शकुंतलाबाईंना कुणाला धड सांगता येत नसे. चित्रकार म्हणावं, तर चित्र अंगावर नेसते. नाटकवाली म्हणावं, तर तोंड उघडत नाही. सिनेमावाली म्हणावं, तर हिरोचा पत्ता नाही. या वेळी पांढऱ्या लुगड्यावर तिनं दोन महिने खपून मँगनीजच्या काळ्या भुकटीनं चित्रं काढली होती. ती चित्रं चाळीस मिनिटांत हळूहळू विरघळून पाण्यात उतरणार, रुचिका जागची हलणार नाही आणि शूटिंग मध्ये कुठंही तुटणार नाही. लुगडं एकच. प्रदर्शनाला फिल्म पाठवायची मुदत आज पाच वाजेपर्यंत.

सगळं ठरवताना शकुंतलाबाईंच्या डोक्यातून एकच गोष्ट निसटली. आज त्यांचा रोवणा, म्हणजे भाताची लावणी, सरणार होता. आणि रोवणा सरला, की रोवणीच्या बाया शेताच्या मालकिणीला चिखलानं माखल्याशिवाय घरी जात नाहीत. मालकीण नाही सापडली, तर तिच्या घरचं जे माणूस हाती लागेल ते. गेली अकरा वर्षं गुडघ्याचं निमित्त सांगून बाई सुटत आल्या होत्या.

एकतिसाव्या मिनिटाला पलीकडच्या बांधीतून आरोळी उठली. चौदा बाया, पुढे गोदावरीबाई, दोन्ही मुठींत चिखल.

"मालकीण कुठी लपली वो?"

"जाऊ दे ना माय, भाची हाये! पांढरं लुगडं नेसून वाटच पाहून राहिली!"

रुचिका हलली नाही. नुसते डोळे मोठे झाले.

शकुंतलाबाईंनी लाल ठिपक्याकडे पाहिलं, लुगड्याकडे पाहिलं, पदर खोचला आणि बांधीच्या धुऱ्यावरून सरळ चिखलात उडी मारली.

"तिले सोडा वो! मालकीण मी आहो, मी!"

"गुडघे बरे झाले वाटते बाईचे!" गोदावरीबाई ओरडली आणि अकरा वर्षांचा चिखल एकदम आला. नाकात, कानात, पोलक्यात. बाई धपकन बसल्या, उठल्या, पुन्हा बसल्या. तेवढ्यात पाठीत एक भलामोठा गोळा बसला. वळून पाहतात, तर रुचिका!

"काहून वो पोरी? तुले तर हलायचं नव्हतं!"

"अन् तुले समोर यायचं नव्हतं!" शहरात राहून आलेली रुचिका घरच्या बोलीत किंचाळली आणि दुसरा गोळा उचलला.

चार वाजता ओसरीवर, वाळलेल्या चिखलानिशी, दोघींनी फिल्म पाहिली. एकतीस मिनिटं शांतता. मग कोपऱ्यातून आत्या उडत आली. रुचिका हसून हसून आडवी झाली. पुन्हा पाहिलं, पुन्हा आडवी. शकुंतलाबाई मात्र चेहरा पाडून बसल्या होत्या.

"खराब केली ना म्या?"

रुचिकानं फोन पुढ्यात ओढला. फोनवरच्या अर्जात 'कलाकार : एक' लिहिलेलं खोडून तिनं 'सोळा' केलं.

"त्याच्यात मीबी?"

"तूच तर हिरो."

शकुंतलाबाईंनी कानातला चिखल काढला. "मंग गोदावरीचं नाव माह्या खाली लिव," त्या म्हणाल्या. "अन् लाल ठिपका म्या विझू नाही देला, तेबी लिव."