नाल्याकाठची दफनभूमी

मी ढाणकीच्या वाटेवरची, नाल्याकाठची दफनभूमी बोलतेय. मला भिंत नव्हती, फाटक नव्हतं. मधोमध बाभळीच्या काट्यांचं कुंपण मात्र होतं. वरचा उंचवटा तांड्यातल्या बंजाऱ्यांचा. खालचा, नाल्याला लागलेला भाग गावाबाहेरच्या वस्तीचा.

अठ्ठावन्न सालचा भादवा. पुरानं माझा खालचा भाग पाण्याखाली गेला होता. त्या दुपारी वस्तीतला देवराव आपल्या चार वर्षांच्या मुलीला हातांवर घेऊन आला. तापानं गेली होती ती. मागून तिची आई कांताबाई. दोन वर्षांपूर्वी दोघांनी नागपूरला जाऊन बौद्ध धम्माची दीक्षा घेतली होती. वस्तीतलं दुःख आता ताठ मानेनं यायचं. पण आज लेकराला ठेवायला कोरडी जागा नव्हती.

"पाण्यात कशी ठेवू हो तिले?" कांताबाई नवऱ्याला म्हणाली.

वर तांड्यातली लालीबाई गवत कापत होती. तिचा सहा महिन्यांचा मुलगा माझ्याच कुशीत आहे. तिनं विळा खाली टाकला आणि कुंपणाचे काटे हातांनी ओढायला लागली.

"काय करून राह्यली?" तिचा नवरा हिरासिंग धावत आला. "तांड्यात काय सांगू मी?"

"सांग, माया पोराजवळ एक पोरगी आली म्हून."

तिच्या तळहातांतून रक्त येत होतं. हिरासिंग तसाच माघारी वळला. मग घरून कुदळ घेऊन आला आणि खड्डा त्यानंच खणला. देवरावानं त्रिशरण म्हटलं.

पुढं पंधरा दिवस तांडा हिरासिंगशी बोलला नाही. सोळाव्या दिवशी तांड्याचा प्रमुख, नायक रामसिंग स्वतः आला. ती वीतभर उंच माती त्यानं बराच वेळ पाहिली. "लेकरूच हाय," एवढंच म्हणाला आणि उरलेलं कुंपण काढायला लावलं. उन्हाळ्यात वस्तीनं आणि तांड्यानं मिळून नाल्याकाठी दगडांचा बांध घातला. तेव्हापासून माझ्या अंगात पाणी शिरलेलं नाही. हे उपकार मी विसरणार नाही.

आता सदुसष्ट साल आहे. दोघी अजून येतात, तण उपटतात, बसतात.

"मायी पोरगी आता तेरा वर्षांची असती," परवा कांताबाई म्हणाली.

"मंग आपून तिच्यासाठी पोरगा पाहून राह्यलो असतो," लालीबाई म्हणाली, आणि दोघी हसल्या.

वाटेनं जाणाऱ्यांनो, तुमच्याकडे एकच मागणं आहे. बांधाचा एखादा दगड ढळलेला दिसला, तर तेवढा परत बसवा. माझ्याकडे लेकरं निजली आहेत.