हँडल फिरवणारा हात

नववीच्या प्रदर्शनात प्रेरणाला सिनेमाचा इतिहास मांडायचा होता, आणि तोही पुठ्ठ्यावर चित्रं चिकटवून नाही, खऱ्याखुऱ्या यंत्रावर. म्हणून रविवारी दुपारी ती चिकलठाण्यात गयासचाचांच्या दारात उभी राहिली. चाचांचे वडील उरुसात तंबू ठोकून मुके सिनेमे दाखवायचे. त्यांचा हातानं फिरवायचा प्रोजेक्टर अजून घरात होता.

"ने की, पण आधी चालवून दाखव," चाचा म्हणाले. "फिल्मची पट्टी एकच उरली, मिनिटभराची. उरुसातली हाय. त्यात अब्बा चालतात. माझा हात थरथरतो, हँडल फिरवता येत नाय. बारा वर्षं झाली, बघितलं नाय त्यांना."

"आणि चुकलं तर?"

"जोरात फिरवलं तर तुटंल. थांबलीस तर दिव्याच्या आचेनं जळंल. बाकी काय नाय."

बाकी काय नाय म्हणे! मागच्या वर्षीची प्रेरणा असती तर चप्पल घालून पळाली असती. पण ही यंदाची होती.

चाचांनी खिडकीला चादर लावली, दिवा पेटवला. प्रेरणानं हँडल फिरवलं मात्र, भिंतीवरची अख्खी गर्दी कुत्रं मागं लागल्यागत धावत सुटली.

"अगं, हळू. अब्बा येतील आता. गुडघे दुखायचे त्यांचे."

घाबरून तिचा हात आखडला. चित्र अडकलं आणि कोपऱ्यात तपकिरी डाग पसरायला लागला. तिच्या हाताला एकच ताल पाठ होता, पंधरा ऑगस्टच्या लेझीमचा. एक, दोन, तीन, चार. एका आकड्याला एक फेरा. डाग सरकून गेला.

गर्दी माणसांसारखी चालू लागली. त्यातून टोपीवाला एक उंच माणूस पुढं आला, बोटाचा चुना गुपचूप तंबूच्या खांबाला पुसला, आणि कुणीतरी बघतंय हे कळल्यावर लाजून हसला.

"सुधरले नाहीत," चाचा पुटपुटले. आवाज ओला होता.

पट्टी संपली. प्रेरणानं दिवा बंद केला. मनगट दुखत होतं.

"चाचा, थँक्यू. एवढी एकच पट्टी, आणि माझ्या हातात दिलीत."

"उलटंच बोलती ही पोरगी. दाखवलं तू, अन् शुक्रिया पण तूच म्हणती." चाचांनी रुमालानं डोळे पुसले. "शाळेत किती वेळा लावशील?"

"प्रत्येक वर्गाला एकदा."

"मग एक खुर्ची माझी पण ठेव."