राजाची दाढी

मी एक जुनी पांढरी दाढी आहे. हसू नका, मित्रांनो! मी खोटी असले, तरी मला लाभलेली माणसे खरी होती.

टोप बनवणाऱ्या एका कारागिराने बारीक जाळीवर एकेक केस गाठ मारून बसवत मला घडवले. मग मी नाटक कंपनीत आले, ती थेट मास्तरांच्या हनुवटीवर. जुन्या अभिजात नाटकातल्या वृद्ध राजाचे काम ते तीस वर्षे करत होते. सकाळी शिष्यांना शिकवायचे, संध्याकाळी राजा व्हायचे. राजा राज्य सोडून निघाला, की प्रेक्षागृह चिडीचूप होई. त्या क्षणी मास्तरांची हनुवटी दर वेळी थरथरायची. ते फक्त मलाच कळायचे.

पुढे घशाच्या शस्त्रक्रियेनंतर मास्तरांचा आवाज गेला. "आवाजच नाही, तर शिकवणार काय?" असे म्हणत शिष्य पांगले. मास्तरांनी मला पत्र्याच्या पेटीत ठेवून झाकण लावले, ते लावलेच. चार वर्षांत मला कसर लागली.

एके दिवशी कंपनीच्या शिवणबाई त्याच पेटीतला राजाचा अंगरखा दुरुस्तीला न्यायला मास्तरांच्या घरी आल्या. पेटी उघडताच त्या हळहळल्या. "अगं बाई, चाळणी झाली की हिची!" म्हणत तिथेच सुई घेऊन बसल्या. हात चालू लागला तसे तोंडही. वीस वर्षे विंगेत बसून ऐकलेले राजाचे भाषण त्या पुटपुटू लागल्या.

धाडकन टेबलावर मूठ आपटली. मास्तर लालबुंद झाले होते. त्यांनी पाटीवर खरडले, 'चूक! पुन्हा.'

"अहो, मी आपली सहज..." बाई गडबडल्या.

मास्तरांची सून दारातून हसली. "म्हणा हो, मावशी. चार वर्षांत बाबा पहिल्यांदा कुणावर तरी चिडलेत."

शिकवणी सुरू झाली. मास्तर बोटांनी लय ठोकत, स्वतःच्या बरगड्यांवर हात ठेवून श्वास दाखवत. कंपनीचे मालक म्हणाले, "बाई आणि राजा? लोक हसतील." मास्तरांनी त्यांच्यासमोरच मला बाईंच्या हनुवटीवर चिकटवले आणि खूण केली, बोल! भाषण संपल्यावर मालकांनी एक प्रयोग दिला.

प्रयोगाला लोक सुरुवातीला हसलेच. बाईंना घाम फुटला आणि मी एका बाजूने सुटू लागले. माझे तर धाबे दणाणले! पण बाईंनी घाई केली नाही. हात उचलून त्यांनी मला हलकेच धरले, म्हातारा राजा विचारात पडावा तशा थांबल्या, आणि मग बोलल्या. हसू जागच्या जागी विरले.

खेळानंतर मास्तरांनी स्वतः मला सोडवले, डिंक पुसला, विंचरले. डोळे भरले होते, तरी पाटीवर लिहिले, 'दुसऱ्या अंकात घाई. उद्या सकाळी या.'

आज मास्तरांच्या त्या खोलीत पाच जण शिकतात. मित्रांनो, आम्हा जुन्या वस्तूंना ओले कोंबू नका, अधूनमधून वारा दाखवा. आणि तुमच्या गल्लीत एखादा वृद्ध कलावंत गप्प बसलेला असेल, तर त्याच्यासमोर त्याच्याच भूमिकेतले एक वाक्य चुकीचे म्हणून पाहा. बघू या, गप्प राहतो का!