तेराव्या दिवसाचा जबाब

मित्रांनो, माझ्या मुठीला दोरीने एक चिठ्ठी बांधलेली आहे. तिच्यावर ‘मुद्देमाल क्रमांक तीन’ असं लिहिलंय. त्याआधी मला नुसतं कोयती म्हणत. मी देवबागच्या काशीरामाची जुनी कोयती.

लोहाराने मला ट्रकच्या मोडक्या कमानपाट्यातून घडवलं. काशीरामाच्या कमरेला लटकून मी शेकडो माडांवर चढले. लोक म्हणत, कोयती असावी तर काशीरामाची. तो गेल्यावर त्याच्या मुलाने, निकेतने मला तेवढ्याच मायेने धार लावली.

एका सकाळी नारळ पाडून निकेत खाली उतरला आणि मला कुंपणाच्या दगडी गडग्यावर ठेवून पाणी पिऊ लागला. गडग्यापलीकडे भावकीतला मंगेश राहत होता. वाकडा माड कुणाचा, यावरून दोघांचं जुनंच वैर. त्या दिवशी शब्दाने शब्द वाढला आणि मंगेशने मला उचललं. निकेत गडग्याशीच कोसळला, तो परत उठला नाही. आम्हा कोयत्यांना हात ओळखता येत नाही, याची मला आजही लाज वाटते.

निकेतची काकी शेवंती परसात मासे साफ करत होती. तिने सगळं पाहिलं. पण भावकीतल्या माणसाचं नाव चावडीवर घ्यायचं, तेही खुनात, म्हणजे आधी देवाचा कौल हवा. आणि घरात सुतक असताना देवळाची पायरी चढायची कशी? बारावं झालं, तेराव्या दिवशी गुरवाने देवाच्या अंगावर तांदूळ लावले, उजवीकडचे आधी गळले, म्हणजे देवाचा होकार, उजवा कौल पडला. तिथून ती तडक पोलीस ठाण्यात गेली.

कोर्टात मंगेशच्या वकिलाने एवढंच विचारलं, बारा दिवस गप्प का?

“देवाक इचारल्याशिवाय कसा सांगतलंय?” शेवंती म्हणाली.

मागे कुणीतरी हसलं. माझ्या पात्यावरचं रक्त माणसाचं होतं, पण गट कळला नव्हता. जबाब पढवलेला असू शकतो, असं म्हणून मंगेशला सोडलं. सरकारने अपील केलं. वर्षं गेली, मी कपाटात गंजत राहिले. अपीलही फेटाळलं.

परवा मला परत न्यायला निकेतची आई यमुनाबाई आली. सोबत शेवंती होती, आणि कागद समजावायला नम्रता वकील.

“वरच्या कोर्टाक ता चुकीचा वाटाक नाय?” यमुनाबाईने विचारलं.

“यमुनाकाकी,” नम्रता म्हणाली, “त्यांना स्वतःला काय वाटतं, एवढ्यावर ते निकाल फिरवत नाहीत. ज्याला एकदा सोडलं, तो निर्दोष असल्याचं मानणं आणखी पक्कं होतं. पुराव्यातून दोन अर्थ निघत असतील तर खालच्या कोर्टाने घेतलेला राहू देतात. तो अर्थ कुणाही शहाण्या माणसाला काढताच आला नसता, तरच फिरवतात.”

कायदा चांगला आहे, मित्रांनो. माझ्यासारख्या मुक्या साक्षीवरून एखादा निरपराध फासावर जाऊ नये म्हणून तो असा केलाय. हे मला कळतं, तरी घशाखाली उतरत नाही.

यमुनाबाईने शेवंतीकडे मान वळवली. मग म्हणाली, “हिना त्याच दिवशी सांगला असता तर?”

नम्रताने कागदांची घडी केली. “तर दुसरा अर्थ काढायला फारशी जागा उरली नसती.”

शेवंती दारातच उभी होती. कारकुनाने मला खिडकीतून पुढे सरकवलं. यमुनाबाईने मला हात लावला नाही.

“ह्या माका घरात नको,” ती म्हणाली.

सकाळी दोघी एकाच एसटीने आल्या होत्या. यमुनाबाई एकटीच स्टँडकडे चालू लागली. शेवंती कोर्टाच्या पायरीवर बसून राहिली.

आता मला मोडीत काढतील. मला धार लावा, तेल लावा, असं मागायची माझी वेळ गेली. एवढंच मागते, बाळांनो: डोळ्यांदेखत काही अघटित घडलं तर त्याच दिवशी, सुतक असो की सण, ठाण्यात जाऊन सांगा. देव तेरा दिवस थांबतो. शेवंतीसाठी तो थांबला, आणि उजवा कौलही त्यानेच दिला. कोर्टाने मात्र तेच बारा दिवस मोजले.