एकदाच द्यायचं पाणी

मैनेच्या तोंडून पोलादपूरच्या ‘विनीताताईं’चं नाव निघालं की बनुबाईच्या अंगाचा तिळपापड व्हायचा. आणि ते नाव आताशा दिवसभर निघायचं. विनीताताई पेटी काय झकास वाजवतात! विनीताताई पदराला कशी टाचणी लावतात! विनीताताई म्हनतात, पोरीला ओव्याचं पानी द्या.

“ओव्याचा शोध काय पोलादपुरात लागला?” बनुबाई फणकारायची. “मी बाळंतपणात तुला काय माती चारली होती?”

“तसं नाय गो बाय,” मैना हसायची. ते हसणंच बनुबाईला जास्त झोंबायचं.

बनुबाई महाडच्या मिशनची बायबलबाई. घरोघर जाऊन बायकांना शास्त्र वाचून दाखवायचं, अक्षरं शिकवायची, दुखण्याखुपण्याला धावायचं, हे तिचं काम. तरुणपणीच कपाळ पांढरं झालेलं, पोटी मूलबाळ नाही. मैना कुडपणच्या डोंगरावरची. तिचा नवरा रावजी मुंबईत गिरणीत होता. तिकडेच तो ख्रिस्ती झाला, आणि गावाने इथे त्याच्या बायकोला वाळीत टाकलं. तेव्हा पोटातल्या पोरासकट डोंगर उतरून मैना आली ती थेट बनुबाईच्या दारात. बनुबाईने तिला पडवीतली खोली दिली, पाटीवर अक्षरं गिरवायला लावली, वेळ आली तेव्हा बाळंतपण केलं, नाळसुद्धा स्वतःच्या हाताने कापली. पोरीचं नाव आवडी ठेवलं. आता सांगा, आई आई म्हणतात ती याहून वेगळी काय असते?

पुढचंही सगळं ठरलेलं होतं. पाळक महिपतराव दासगाव बंदरावरून यायचे, तेव्हा महाडच्या ख्रिस्ती देवळात मायलेकींचा बाप्तिस्मा एकदमच व्हायचा. आवडीला हातावर घेऊन, तिच्या वतीने पाळकांच्या प्रश्नांना उत्तरं द्यायला धर्ममाता म्हणून उभी राहायची ती बनुबाई. धर्ममाता म्हणजे देवासमक्ष झालेली आई. ते नातं पुसता येत नाही. भाकऱ्या थापताना बनुबाई तो शब्द तोंडातल्या तोंडात घोळवायची आणि एकटीच लाजायची.

अशात कमलाकर मास्तर आणि त्यांची बायको विनीता पोलादपूरला येऊन राहिले आणि रविवारच्या रविवारी महाडात येऊ लागले. तेही ख्रिस्तीच, पण वेगळ्या मिशनचे. त्यांच्यात तान्ह्या पोरांना बाप्तिस्मा नाही. माणसाने मोठं व्हावं, आपल्या तोंडाने विश्वास कबूल करावा आणि मग नदीत डोक्यापर्यंत बुडी घ्यावी. कपाळावर चार थेंब शिंपडले, तो त्यांच्या लेखी बाप्तिस्माच नव्हे. आणि जिथे तान्ह्यांचा बाप्तिस्माच नाही, तिथे धर्ममाता कुठली? बनुबाईच्या नाकाला मिरच्या झोंबल्या त्या इथे.

तिकडे चवदार तळ्याच्या पाण्यावरून कोर्टकज्जा चालला होता, आणि इकडे महाडातल्या मूठभर ख्रिस्ती घरांत पाणी किती हवं यावरून रण माजलं. एका रविवारी शाळेच्या ओसरीवर मास्तरांशी वादच ठरला. बनुबाई शास्त्रात खुणा घालून तयारीने गेली.

“हबशी अधिकारी बाप्तिस्म्यासाठी रथातून उतरून पाण्यात गेला, असं शास्त्रात लिहिलंय,” मास्तर म्हणाले. “ओंजळभर पाण्यासाठी कोणी रथ थांबवतं का?”

“आणि फिलिप्पैच्या तुरुंगवाल्याचं अख्खं घराणं एका रात्रीत बाप्तिस्मा पावलं, ते?” बनुबाई उसळली. “मध्यरात्री त्यांनी डोह कुठून आणला? आणि अख्ख्या घराण्यात एकही तान्हं नव्हतं?”

“होतं असं तरी कुठे लिहिलंय, बनुबाई?”

ओसरीवर हशा पिकला.

“प्रभू म्हणाला, बालकांना माझ्याकडे येऊ द्या!”

“येऊ द्या की! पण जो विश्वास धरील त्याचा बाप्तिस्मा. सहा महिन्यांचं पोर विश्वास कशावर धरणार? दुधावर!”

आता तर सगळेच खो खो हसले. आणि हसणाऱ्यांत मैना होती. मांडीवर पोरीला घेऊन, विनीताच्या खांद्याला खांदा लावून बसलेली मैना! बनुबाईने ते पाहिलं आणि तिला पुढचं वचन आठवेना. तरी ती ओरडली, “एक लक्षात ठेवा, मास्तर! पाणी एकदाच पडतं! तीन नावांनी एकदा पडलं की पडलं! दुसऱ्यांदा देणारा देवाची थट्टा करतो!” ओसरीवरचे हसायचे थांबले, पण वाद ती हरली होती, हे तिचं तिलाही कळत होतं.

त्यानंतर आठवडाभरात मैना चुलीशी येऊन बसली.

“बाय, मी पोलादपूरला नदीत बुडी घेनार. रावज्यानं पन मुंबईत तशीच घेतली हाय.”

“आणि पोर?”

“त्यांच्यात पोरांना देत नाय,” मैना खाली बघत म्हणाली. आणखी काहीतरी तिच्या ओठांवर आलं होतं, पण ती थांबली. मग म्हणाली, “तुमी चला गो संगती. पोरीला सांभाळायला तुमच्याबिगर कोन हाय मला?”

सांभाळायला! सांभाळायला बनुबाई, मिरवायला विनीता! आंधळं दळतं आणि कुत्रं पीठ खातं म्हणतात, ते काय उगीच? बनुबाई मनात काय काय बोलली ते लिहिण्यासारखं नाही. पण आवडीला घट्ट छातीशी धरून ती सर्व्हिस मोटारीत चढली खरी.

पोलादपूरला कमलाकर मास्तरांच्या घरी सगळे जमले. थंडीचे दिवस, वारा बोचरा, म्हणून पोरीला नदीवर नेऊ नये असं विनीतानेच सुचवलं. “बनुबाई, तुम्ही इथेच बसा हं. चहा ठेवलाय चुलीवर. घर तुमचंच आहे,” ती गोड आवाजात म्हणाली. तो गोडवा बनुबाईला विषासारखा लागला. सगळी मंडळी गाणी म्हणत सावित्री नदीच्या डोहाकडे गेली आणि घरात उरल्या त्या दोघी, बनुबाई आणि आवडी.

भिंतीवर मास्तरांच्या लग्नाचा फोटो होता. कोपऱ्यात ती सुप्रसिद्ध पेटी. चहा उकळून उकळून काळा झाला तरी बनुबाई उठली नाही. नदीकडून गाण्याचा आवाज आला. आता मैना पाण्यात उतरत असेल. विनीता काठावर टॉवेल घेऊन उभी असेल. बाहेर आली की तीच तिला मिठीत घेणार, तीच तिचे केस पुसणार. आज माय गेली, उद्या पोर जाणार. पोरीला पेटी शिकवतील, टाचण्या लावायला शिकवतील, आणि मी? मी कोण? नाळ कापणारी सुईण!

आवडी तिच्याकडे बघून बोळकं पसरून हसली.

बनुबाई उठली. विनीताच्याच घरातला तांब्या, विनीताच्याच घरातलं पाणी. जाणत्या माणसाला शोभणार नाही असा विचार तेव्हा तिच्या मनात आला, की माझं पाणी आधी पडू दे, मग घ्या तुम्ही पोर! पाळक नसताना साध्या माणसाने बाप्तिस्मा द्यायचा तो फक्त पोर मरणाला टेकलं असेल तर, हे तिला पाठ होतं. तिनेच शंभर बायकांना ते पढवलं होतं. आणि आवडी तर लोण्याच्या गोळ्यासारखी ठणठणीत. तरी बनुबाईने ओंजळीत पाणी घेतलं, पोरीच्या कपाळावर तीनदा सोडलं आणि म्हणाली, “आवडी, मी तुझा बाप्तिस्मा करते. पित्याच्या, पुत्राच्या आणि पवित्र आत्म्याच्या नावाने. आमेन.”

पोर दचकली, रडली. बनुबाईने पदराने तिचं कपाळ कोरडं केलं आणि तिला पोटाशी धरून ती मोठ्याने म्हणाली, “आता कोण नेतो बघू!” तिला भारी आनंद झाला होता. खरंच झाला होता.

थोड्या वेळाने मंडळी परतली. मैनेचे केस निथळत होते, ओठ थंडीने निळे पडले होते, आणि ती धावतच आत आली.

“बाय! झालं गो बाय! मास्तर कबूल झाले!”

“कशाला कबूल?”

“मी पान्यात उतरायच्या आदीच सांगितलं. म्हनलं, मी बुडते, पन माजी पोर बायच्या देवळात न्यायची, बायच्या हातावर. त्यो माजा शब्द हाय. मास्तर लय तापले. मंग विनीताताईंनीच त्यांना गप केलं.” ती हसत होती आणि कापत होती. “तुमाला आदी बोलले नाय. मास्तर नाय म्हनले असते तर तुमचा जीव तुटला असता.”

मागून विनीता म्हणाली, “मला पटत नाही हं, बनुबाई. पण तुमच्याइतकं त्या पोरीचं कोणी केलंय? मीसुद्धा येणार आहे बघायला.”

बनुबाईला वाटलं, आत्ताच्या आत्ता सांगावं. तोंड उघडलंही. पण मैनेने तिच्या गळ्यात ओले हात टाकले आणि सांगायचं राहून गेलं.

त्यानंतर बनुबाईला अन्न गोड लागेना. एकदा पडलेलं पाणी पुन्हा देता येत नाही, हे तीच ओसरीवर बोंबलून बोलली होती. मनाला तिने परोपरीने समजावलं. ते कुठे खरं होतं? पाळक नव्हते, साक्षीदार नव्हते, रागात केलेलं ते. पण पाणी खरं होतं आणि तीन नावंही खरी होती. कुणाला काही बोलायचं नाही असं तिने ठरवलं. गप्प बसलं की झालं. धर्ममाता व्हायचं आणि पुढे जन्मभर देवाची माफी मागायची.

पाळक महिपतराव आले. महाडचं छोटंसं देऊळ भरलं. पहिल्या बाकावर मैना, तिच्यामागे विनीता. आवडी बनुबाईच्या हातावर, आणि बनुबाई बाप्तिस्म्याच्या पात्रापाशी उभी. जन्मभर जिथे उभं राहावंसं वाटलं होतं तिथेच. पाळकांनी पुस्तक उघडलं आणि पहिला प्रश्न विचारला. तो दर वेळी पहिलाच असतो.

“या बालकाचा बाप्तिस्मा पूर्वी झाला आहे की नाही?”

बनुबाईने ‘नाही’ म्हणायला तोंड उघडलं. ती हट्टी होती, मत्सरी होती, पण देवळात खोटं बोलायची तिला सवयच नव्हती.

“झालाय,” ती म्हणाली.

पाळकांनी चष्मा सावरला. “कोणी दिला?”

“मी.”

“बाळ आजारी होतं?”

“नव्हतं. चांगलं होतं.”

मैना बाकावरून उठून पुढे आली. तिला आधी कळेचना. “कदी गो बाय?”

“तू नदीत होतीस तेव्हा.” बनुबाईला रडू फुटलं. “मला वाटलं, ते लोक तिला नेतील. मला वाटलं, माझं काहीच उरणार नाही.”

पाळक हलक्या आवाजात म्हणाले की दिलेला बाप्तिस्मा फिरत नाही, आता बाळाचा ख्रिस्ती मंडळीत फक्त स्वीकार करायचा. त्याला धर्ममाता लागतेच. बाप्तिस्मा झालेली कोणीही चालेल; ती कोण, हे आईने सांगावं.

मैनेने पोरीला बनुबाईच्या हातांतून घेतलं. जोर लावला नाही, ओढली नाही, नुसती घेतली.

“बाय,” ती म्हणाली, “मी दिलीच व्हती की गो तुमाला.”

मग ती वळली आणि तिने विनीताला हाक मारली. विनीता उठून उभी राहिली, बनुबाईकडे बघून घुटमळली. मैनेने पुन्हा हाक मारली, तेव्हा ती पुढे आली आणि तिने पोर हातावर घेतली.