बदकाचा प्रसंग

"बदक राहू दे," कॉम्रेड शिपोश डोळे पुसत म्हणाले. हसून हसून त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं होतं. "लोक म्हणतात, समितीला विनोद कळत नाही. कळतो म्हणावं."

मी विल्मोशकडे पाहिलं. त्याचा चेहरा पडला होता.

बुडापेस्टच्या आम्हा चित्रपटवाल्यांची तेव्हा एक रीत होती. तपासणी समितीला काहीतरी कापायला लागायचंच, म्हणून दिग्दर्शक मुद्दाम एक खोडसाळ प्रसंग घालून ठेवायचा. समितीने तो कापावा आणि खऱ्या जिव्हाळ्याच्या जागेला हात लावू नये. मी संकलक, असे कितीतरी बळीचे बकरे माझ्या कात्रीखालून गेले. विल्मोशचा बकरा म्हणजे हे बदक. कारखान्याच्या मॅनेजरचं भाषण चालू असताना ते व्यासपीठावर चढतं आणि त्याच्या प्रत्येक वाक्याला ओरडून दाद देतं. चूक एवढीच, की पठ्ठ्याने तो प्रसंग फार चांगला केला होता.

"पण अहवालात काहीतरी दाखवायला हवं," शिपोश कागद चाळत म्हणाले. "ती म्हातारी काढा. तीन मिनिटं नुसती सामान बांधतेय. एक्कावन्न सालचं आता कशाला उकरायचं?"

"त्याऐवजी बदक काढतो ना, कॉम्रेड."

"वेड लागलंय का? बदक आहे म्हणून तुझा चित्रपट आहे."

ती म्हातारी म्हणजे विल्मोशची आई, एटेलकाकू. एक्कावन्न साली सरकारने एका दिवसाच्या नोटिशीवर त्यांना शहराबाहेर शेतमजुरीला धाडलं होतं. त्यावर त्या कधी अवाक्षर बोलल्या नाहीत. मुलाने कॅमेरा लावला तेव्हा म्हणाल्या, "सांगता नाही यायचं मला. करून दाखवते." आणि त्यांनी कुंड्यांना पाणी घातलं, टेबलावरचं कापड घडी करून पेटीत ठेवलं. ते कापताना मला रडू येत होतं. तरी कापलं.

"तू सांग ना आईला," विल्मोश मला म्हणाला.

"आई तुझी. तू सांग."

कोणीच सांगितलं नाही. पहिल्या खेळाला काकू केस सेट करून, दोन शेजारणींना घेऊन आल्या. बदकाने थिएटर डोक्यावर घेतलं. मग दिवे लागले.

"एटेल, चित्रपटात तू कुठे होतीस गं?" एका शेजारणीने विचारलं.

"इथेच की, तुझ्या शेजारी," काकू म्हणाल्या. मग त्यांनी मुलाची कॉलर नीट केली. "छान झालाय रे. लोक हसले."

पुढे विल्मोशने अकरा चित्रपट केले, चार पुस्तकं लिहिली, बक्षिसं मिळवली. काकू गेल्या, मागाहून समितीही गेली. त्या अकरा चित्रपटांत एकही म्हातारी बाई नाही.