झोयाने मागितलेले पाऊल

मित्रांनो, एका पत्राचे उत्तर दहा वर्षे राहून गेले. पत्र मला आलेले नव्हते आणि उत्तर लिहायला मला हातही नाहीत, कारण मी एक जुना बास्केटबॉल आहे; तपकिरी कातड्याचा, आठ फाकांचा. पण ज्या हातांनी ते पत्र लिहिले ते माझ्या ओळखीचे होते, ज्या पायांसाठी लिहिले तेही ओळखीचे, आणि ज्या कपाटात ते पडून राहिले त्याच कपाटावर मी बसलो होतो. म्हणून ही हकिकत सांगायचा थोडा हक्क मला आहे, असे मी समजतो. नीट जमेल की नाही, ते मात्र ठाऊक नाही.

माझा जन्म रशियातला, व्होल्गा नदीकाठच्या एका गावातला. कातडे भिजवून, ताणून, फाका एकमेकींना चिकटवून मला घडवले आणि गावातल्या कारखान्याच्या खेळ-मंडळात धाडले. तिथे एके दिवशी झोया आली. वय तेरा, उंची दारापर्यंत आणि खांदे पडलेले, कारण उंच दिसू नये म्हणून ती वाकून चालायची. तिच्या मापाचे मुलींचे बूट कुठे मिळत नसत, त्यामुळे पायांत बापाचे बूट होते. ते धपधप वाजले की मुली हसत. शिकवणाऱ्या बाईंनी मला तिच्या हातात दिले आणि म्हणाल्या, “पाय मोठे असले की नीट उभं राहता येतं. आधी सरळ उभी राहा.”

त्या दिवसापासून मी झोयाचा झालो. मंडळाचा म्हातारा मोची मुलींच्या पायांची मापे घेऊन बूट शिवायचा. त्याने तिला पहिले बूट शिवून दिले आणि झोया धावू लागली. अठराव्या वर्षी ती मुख्य संघात गेली. गावोगावच्या सामन्यांना मी तिच्या पिशवीत असायचो. देशाच्या संघासाठी तिला दोनदा बोलावले आणि दोन्ही वेळा ती बाकावर बसून परत आली. मग उजवा गुडघा दुखावला. तेव्हापासून उडी ती पूर्वीसारखीच मारायची, उतरायची मात्र जपून. पेपरात तिचा फोटो कधी आला नाही. पण तिने मला कधी पायाने लाथाडले नाही, हे मला सांगावेसे वाटते.

१९८७ सालच्या जानेवारीत तिचा संघ मैत्रीचे सामने खेळायला भारतात आला. त्यातला एक सामना ठाण्यात, सिमेंटच्या मैदानावर, जिल्ह्याच्या मुलींशी होता. ठरलेला दुभाषी आला नाही. तेव्हा कुणीतरी कचेरीतून त्र्यंबकराव कर्णिकांना उठवून आणले. डोंबिवलीला राहणारे हे लाजाळू गृहस्थ प्रदर्शनातली स्वस्त पुस्तके आणून घरच्या घरी रशियन शिकले होते. जिवंत रशियन माणसाशी ते तोवर एक वाक्यही बोललेले नव्हते.

त्या सामन्यात खाडीकाठच्या कोळीवाड्यातली सगुणा खेळत होती. वय सतरा. भावाचे कॅनव्हासचे बूट तिला पंजाशी आवळत होते आणि टाचेतून निसटत होते. मध्यंतरात तिने ते काढून फेकले आणि अनवाणी खेळली. खाडीच्या चिखलात चालून चालून तिचे पाय रुंद झालेले, पंजा पंख्यासारखा पसरलेला. सामना संपला तेव्हा सिमेंटने तळव्यांची सालटी निघाली होती. झोया तिच्याजवळ गेली आणि तिच्या पायांकडे बघत काहीतरी म्हणाली.

“काका, बाई काय बोलते?” सगुणाने विचारले.

त्र्यंबकरावांनी घसा खाकरला. “म्हणतात की... तुझे पाय चांगले आहेत.”

“माझे? आमच्या आळीत मला बदक बोलतात.”

त्र्यंबकरावांनी हे कसेबसे रशियनमध्ये सांगितले. मित्रांनो, मला दोन्ही भाषा कळतात, म्हणून सांगतो. त्यांच्या बोलण्यात चुका होत्या आणि तरीही झोयाला सगळे कळले. ती खळखळून हसली, तिने आपला बूट सगुणाच्या पावलाशेजारी ठेवून दाखवला आणि मला तिच्या हातात दिले. अशा रीतीने मी कोळीवाड्यात आलो.

तिथे माझा मुक्काम बोंबील वाळत घालायच्या काठ्यांच्या वलांडीखाली असे. सगुणाची आई आवडाबाई मासळी विकायची. ती रोज मला दम भरायची, “यो गोला मासलीवर परला तं चिरून टाकीन, सांगून ठेवतंय.” पण उन्हात राहून मी कडक होऊ लागलो तेव्हा त्याच आवडाबाईने मला खोबरेल चोळले. सगुणा पहाटे मासळी पोचवून आली की शाळेच्या मैदानावर मला घेऊन जायची. दोन वर्षांत ती अशी तयार झाली की राज्याच्या संघाच्या निवडीसाठी तिला पुण्याला बोलावणे आले. तिथले मैदान लाकडी होते आणि अनवाणी खेळायला परवानगी नव्हती.

झोयाचे पत्र त्याच्या आदल्या वर्षीच, १९८८ मध्ये, त्र्यंबकरावांच्या पत्त्यावर आले होते. त्यात लिहिले होते: “त्या मुलीला कोऱ्या कागदावर पाऊल ठेवायला सांगा. भोवतीने पेन्सिल फिरवा आणि तो कागद मला पाठवा. आमचा मोची तिचे बूट शिवून देईल. तो म्हातारा झाला आहे, म्हणून उशीर करू नका.”

एवढेच काम होते. त्र्यंबकराव कागद आणि पेन्सिल घेऊन ठाण्याला आले. ओट्यावर बसले, चहा प्यायले, सरावाची चौकशी केली आणि उठून गेले. असे तीन रविवार झाले. मी समोरच असे. पिशवीतला कागद ते अर्धा बाहेर काढत आणि परत आत सरकवत. परक्या घरातल्या तरुण मुलीला पाय पुढे कर असे कसे म्हणायचे? त्यात त्यांच्या घरी वर्तमानपत्राला पाय लागला तरी वाकून नमस्कार करायचा. सगुणाकडेही तीच रीत होती. मग कागदावर पाय दे, असे सांगायला त्यांची जीभ उचलेना. चौथ्या रविवारी ते आलेच नाहीत. पत्र आल्याचेही त्यांनी कुणाला सांगितले नाही.

पुण्याला सगुणा मैत्रिणीचे बूट मागून घेऊन गेली. ते दोन नंबर लहान होते. पहिल्या दिवशी ती सगळ्यांत चांगली खेळली. दुसऱ्या दिवशी बोटांना फोड आले, उतरताना पाय मुरगळला आणि तिचे नाव यादीतून गेले. पुढच्या वर्षी तिचे लग्न कल्याणच्या नामा नावाच्या तरुणाशी झाले. जाण्याआधी ती मला त्र्यंबकरावांकडे घेऊन आली.

“काका, हा तुमच्याकडे राहू दे. तिकडे टोपल्यांखाली दबेल.” मग निघता निघता ती म्हणाली, “बाईचं कधी पत्र नाही ना आलं?”

त्र्यंबकराव म्हणाले, “नाही.”

मला तोंड नाही याचे वाईट आयुष्यात एकदाच वाटले, ते तेव्हा.

मग मी कपाटावर, शब्दकोशांच्या शेजारी. हळूहळू माझ्यातली हवा गेली आणि एका बाजूने मी बसलो. १९९४ मध्ये पोलंडहून एक कार्ड आले. त्र्यंबकराव ते वाचताना पुटपुटत होते, त्यामुळे मलाही कळले. आमच्या गावचे मंडळ बंद झाले होते आणि खेळायच्या जागी गोदाम झाले होते. झोया आता परक्या गावात, परक्या संघासाठी, नोकरी म्हणून खेळत होती. “मी तेहतीस वर्षांची आहे आणि संघातल्या मुली मला मावशी म्हणतात. गुडघा बांधून खेळते. माझं पहिलं पत्र वाटेत हरवलं असावं. मोची वारला. तरीही त्या मुलीचं पाऊल मला हवं आहे.” खाली नवा पत्ता होता.

पत्र हरवले असावे, असे ती स्वतःच धरून चालली होती. या भल्या समजुतीने त्र्यंबकराव आणखीच खचले. उत्तराचे मसुदे त्यांनी पुष्कळ केले. प्रत्येक मसुदा वाचून बाजूला ठेवला.

इकडे सगुणा डोंबिवलीच्या बाजारात मासळी घेऊन बसू लागली होती. त्र्यंबकरावांच्या पत्नी सरोजबाई तिच्याकडूनच मासे घेत. त्र्यंबकराव मात्र बाजाराच्या वेळी ग्रंथालयात जाऊन बसत. १९९८ च्या दिवाळीत कपाट आवरताना सरोजबाईंच्या हाती ते पत्र आणि कार्ड लागले. काय आहे ते त्यांनी विचारले आणि त्र्यंबकरावांनी सगळे सांगितले.

“अहो, दहा वर्षं घडी घालून ठेवायला ही काय पैठणी आहे?” सरोजबाई म्हणाल्या. “मी दर आठवड्याला तिच्याकडून सुरमई घेते. तुम्ही नाही सांगितलंत, तर मी सांगेन.”

“नको,” त्र्यंबकराव म्हणाले. “तिला घरी बोलाव. मीच सांगतो.”

दुसऱ्या दिवशी दुपारी सगुणा आली. त्र्यंबकरावांनी दोन्ही पत्रे तिला मराठीतून वाचून दाखवली. स्वतःच्या खोटेपणासकट सगळे सांगितले आणि खाली मान घालून बसले.

“मला वाटलेलं, बाई विसरली,” सगुणा म्हणाली. “पुण्याला पाय मुरगळला त्याचं मला काय नाही वाटलं. पण ती विसरली, याचं वाटायचं.”

“माझी चूक झाली, सगुणा.”

“झाली, काका. एकदा विचारलं असतं, तर चिखलाचा पाय आणून ठेवला असता. मला कसली लाज?” तिने पदराने चेहरा पुसला. “आता बूट नको, त्यांना तसं कळवा. पण बाईने पाऊल मागितलेलं. काढा कागद.”

सरोजबाईंनी फरशीवर कोरा कागद ठेवला. सगुणाने पाऊल त्यावर दाबून ठेवले. सत्तरीला टेकलेले त्र्यंबकराव गुडघ्यांवर बसले आणि त्यांनी तिच्या पंजाभोवती पेन्सिल फिरवली.

“हात हलतोय, काका.”

“हो. रेघ वाकडी आली.”

“येऊ द्या. पाय पण तसाच हाय.”

तिने पाऊल उचलले तेव्हा कागदावर एक खवला चिकटून राहिला होता. एरवी त्र्यंबकराव साधी यादीसुद्धा स्वच्छ कागदावर पुन्हा उतरवून काढत. हा कागद त्यांनी खवल्यासकट तसाच घडी केला. सोबत चार ओळी लिहिल्या: पत्र हरवले नव्हते. मी उत्तर दिले नाही. मुलीला आता बूट नकोत. हे तिचे पाऊल. त्या ओळी त्यांनी पुन्हा वाचल्या नाहीत.

मित्रांनो, झोया त्या पत्त्यावर अजून राहते की नाही, कुणालाच माहीत नव्हते. सदतिसाव्या वर्षी ती खेळत असेल असे मला वाटत नाही. आमच्यासारख्या वस्तू जपून ठेवा, असे मी तुम्हाला सांगणार होतो. पण मला तर या घरात फार जपून ठेवले होते, आणि ते पत्रही. म्हणून एवढेच सांगतो, की तुमच्याकडे कुणी काही मागितले असेल, तर उत्तर चांगल्या अक्षरात लिहिण्याची वाट बघू नका. तेवढ्यात कुणाचा तरी खेळ संपतो.

त्या संध्याकाळी सगुणाने मला काखेत घेतले आणि त्र्यंबकरावांबरोबर ती पोस्टापर्यंत चालत गेली. पेटीपाशी ते थांबले. पाकिटावरचा पत्ता वाचायला त्यांनी खिशातून चष्मा काढला.

“आता वाचू नका,” सगुणा म्हणाली.

त्यांनी चष्मा परत खिशात ठेवला आणि पाकीट आत सोडले.